काकूंना उत्तर हवं होतं

“हो म्हना, नाही त नाही म्हना. पन म्हना!” तर्रीची पळी हवेत धरून काकू गिऱ्हाइकाला बजावायच्या. पोह्यांवर हा तिखट रस्सा घ्यावा की नाही, याचं चिंतन करत उभा राहणारा माणूस त्यांना सोसत नसे.

मुलीला पाहून गेलेली खापरखेड्याची मंडळी “कळवतो” म्हणाली, तर दुसऱ्या दिवशी या त्यांच्या दारात हजर. “तुमी कळवनार होते ना? मीच आली ऐकाले.” घाबरून ते हो म्हणाले. मुलगी सुखात आहे.

अशा बाईच्या नशिबी सरकारी अर्ज यावा!

सदर भागातला त्यांचा पोह्यांचा ठेला रस्तारुंदीत उठला. घर त्यावरच चालत होतं. काकूंनी तिथल्याच एका कचेरीच्या फाटकाशेजारची जागा मागितली आणि अर्ज ‘विचाराधीन’ झाला. सरकारी विचार किती खोल असतो, हे तुम्हालाही ठाऊक असेल. त्यात पडलेली वस्तू सहसा वर येत नाही. शेवटी काकू माझ्याकडे, म्हणजे वकिलाकडे, आल्या.

कोर्टाने त्या कचेरीच्या साहेबांना आदेश दिला : बाईंचं म्हणणं ऐका आणि मुदतीत, कारणं देऊन, अर्जाचा निकाल लावा. एवढंच. वस्तीत मात्र बातमी पोचली, ‘काकू जिंकल्या.’ संध्याकाळी दारात बँड. काकूंनी ढोलवाल्याचा हातच धरला.

“काहून वाजवून राहिला गा? कोर्टानं साहेबाले बोलाले लावलं. साहेब काय बोलते, ते त ऐकू दे!”

बँडवाले चहा पिऊन परत गेले.

सुनावणीला काकू ठेवणीतलं पातळ नेसून आल्या. साहेबांच्या टेबलाच्या काचेखाली त्यांच्याच सत्कारांचे फोटो होते. त्यांनी सगळं नीट ऐकलं आणि सवयीने म्हणाले, “ठीक आहे. कळवतो.”

मी डोळे मिटले.

“कवा?” काकूंचा आवाज.

साहेबांनी एकदा आदेशाकडे, एकदा काकूंकडे पाहिलं. “याच आठवड्यात.”

उत्तर आलं : नाही. फाटकाशी ठेला लागला तर गाड्या अडतात. समोरचा कोपरा मोकळा आहे. तो मागितल्यास देता येईल.

मी सांत्वनाची वाक्यं जुळवत होतो. काकूंनी बँडवाल्याला फोन लावला. “ये गा, आता वाजव.”

“अहो काकू, ते नाही म्हणालेत!”

“म्हनले ना पन! अन् काहून नाही, तेही सांगतलं. आता कोपरा मागतो नं आपन.”

कोपरा मिळाला.

आता काकू मुलीकडे खापरखेड्याला असतात. ठेल्यावर सून असते. पोहे तसेच आहेत, पण ती गिऱ्हाइकाला हवा तितका विचार करू देते. त्यामुळे रांग वाढली आहे.

मला मात्र कोपऱ्यावरचा पहिला दिवस आठवतो. साहेब स्वतः रस्ता ओलांडून आले होते. हातात पोह्यांची बशी.

“तर्री?” काकूंनी विचारलं.

“बघू...”

पळी हवेत थांबली.

साहेबांनी घाईघाईने बशी पुढे केली. “हो,” ते म्हणाले. “हो, हो!”