समुद्र शोधायला डोंगरकड्याच्या विहिरीत

"प्राचीन समुद्राचा एक फाटा गोदावरीच्या खोऱ्यातून मराठवाड्यात आला होता, असंच म्हणायचंय ना तुला? मग पुरावा आण. नाहीतर प्रबंधाचा विषय बदल," सरांनी बजावलं. चार वर्षांचं काम पणाला लागलं होतं. मी हातोडा पिशवीत टाकला आणि नांदेडहून सकाळची एसटी पकडली.

वारंगा फाट्याला गरम भजी खाऊनच घ्या, पुढे काही मिळत नाही. तिथून हिंगोली जिल्ह्यातल्या डोंगरकड्याकडे काळीपिवळी, मग तासभर पायी. पाणी जवळ हवंच. वाटेतल्या तांड्यावर नवी विहीर खणताना काळ्या दगडाखाली पांढरी माती लागल्याचं कळलं होतं. लाव्हाच्या दोन थरांत अडकलेली ही माती साडेसहा कोटी वर्षांपूर्वीची.

बाहेरच्या ढिगाऱ्यात, एका ढेकळातून गुळगुळीत पाठ डोकावताना दिसली. कवडी! खाऱ्या पाण्यातला जीव! मी चक्क नाचलो.

विहिरीची माती वाहिलेली सोनीबाई शेळ्या सोडून बघायला आली. "काहून नाचून राहिले, मास्तर?"

मी कवडी दाखवली. तिने डोक्यावरची कवड्यांनी मढवलेली चुंबळ काढून पुढे धरली. एका जागी नुसता दोरा लोंबत होता.

"माही हाय ती. माती वाहताना तुटली. लई हुडकली."

ढेकूळ फोडलं, तर कवडीला दोऱ्यासाठी पाडलेलं भोक! वाळलेल्या चिखलाला खडक समजणारा भूशास्त्रज्ञ मी. उतावळा नवरा, गुडघ्याला बाशिंग! रडू आलं, खोटं कशाला सांगू. पण तसंच परतायचं नव्हतं. मी दोर मागितला.

सोनीबाईच्या नवऱ्याने कमरेला दोर बांधून मला चार पुरुष खोल सोडलं. पांढऱ्या थरात शंखच शंख होते, नखाएवढे, डावीकडे वळलेले. गोड्या पाण्यातल्या गोगलगायी. दिवस कलेपर्यंत थर खरवडला, पण एकही खारा जीव सापडला नाही. इथे तळं होतं.

वर आलो तेव्हा भाकरी-ठेचा तयार होता आणि कवडी पुन्हा ओवलेली होती.

"समुंदर हुडकून राहिले व्हय तुमी?" सोनीबाई म्हणाली. "आमचे जुने लोक बैलावर मीठ आणायचे तिकून. कवड्या बी तवाच्याच."

घरी येऊन प्रबंधाच्या पहिल्या पानावरचा 'समुद्र' मी माझ्याच हाताने खोडला आणि 'तळं' लिहिलं. फार वाईट वाटलं. पण काम त्याच आठवड्यात नव्याने सुरू केलं.

हिंगोलीत समुद्र आला होता का, असं अजूनही कुणी विचारतं. मी म्हणतो, आला होता, बैलाच्या पाठीवरून. सोनीबाईच्या डोक्यावर आहे.