साड्यांच्या कपाटातला सॅक्सोफोन

इरा, नील, तुमचे सुधीरमामाआजोबा जाऊन सहा आठवडे झाले. इतके दिवस मी गप्प होते, कारण गेलेल्या माणसाबद्दल वाईट बोलू नये असं आम्हाला शिकवलेलं आहे. पण परवा इराचा मेसेज आला, ‘आजी, मीही कॉलेज सोडून सॅक्सोफोनच वाजवणार, मामाआजोबांसारखं.’ तेव्हा ते कसे होते हे तिकडे मेलबर्नला कुणीतरी नीट कळवायला हवं. सांगणारी आता मी एकटीच उरले आहे.

त्या सकाळी माळ्यावरून सुधीरचा रोजचा खोकला ऐकू आला नाही. चहा घेऊन वर गेले, तर... आमच्या डॉक्टरने येऊन सांगितलं, झोपेतच गेला, काही त्रास झाला नाही. आयुष्यभर त्याने स्वतःला त्रास करून घेतला नाही, तो मरताना कशाला घेईल? अंत्यविधीनंतर इथल्या पद्धतीप्रमाणे कॉफी आणि केक झाला. त्याच्या बरोबर ड्रम वाजवणारा गृहस्थ रडत म्हणाला, “सुधीरने संगीताला सर्वस्व दिलं.” सगळ्यांनी माना डोलावल्या. मी केक खात राहिले. त्या सर्वस्वात माझी आई होती, हे तिथे कुणाला माहीत नव्हतं.

सुधीर माझा धाकटा भाऊ. मी लग्न होऊन इथे नेदरलँड्समध्ये, युट्रेख्टला आले आणि दोन वर्षांनी तो टिलबर्गला अर्थशास्त्र शिकायला आला. पुण्यात शाळेच्या बँडमध्ये क्लॅरिनेट वाजवायचा, तेवढंच. टिलबर्गच्या एका कॅफेत त्याने बीबॉप नावाचं जाझ ऐकलं आणि दुसऱ्या वर्षी विद्यापीठ सोडून, सॅक्सोफोन घेऊन आमच्या माळ्यावर राहायला आला. दोन महिन्यांसाठी. एकेचाळीस वर्षं राहिला. बीबॉप म्हणजे ओळखीची चाल एकदा दाखवायची आणि मग भरधाव वेगाने तिच्या चिंध्या करायच्या. मी तसं म्हटलं की तो हसायचा. “चिंध्या नाहीत गं ताई, गोधडी.” बर्लिन, कोपनहेगनला वाजवून आला, दोन रेकॉर्ड निघाल्या, शिष्य तयार झाले. चांगला वाजवायचा म्हणतात. भांडी मात्र एकदाही घासली नाहीत.

खालच्या मजल्यावरच्या योकबाई एकदा वर येऊन मला विचारत्या झाल्या, “हे वाद्य आहे की दुखणं?” डच माणसं मनात काही ठेवत नाहीत. त्यावर सुधीरने उपाय काढला. माळ्यावर माझं साड्यांचं कपाट होतं. इथे साड्या नेसते कोण? त्याचं दार उघडून, हँगरवरच्या साड्यांत सॅक्सोफोनचा कर्णा खुपसून तो रोज चार चार तास वाजवायचा.

“अरे, माझा शालू आहे तो!”

“म्हणूनच तर. रेशीम आवाज पितं, ताई. नायलॉन नुसतं थुंकतं.”

मग आई आजारी पडली. आम्ही दोघांनी पुण्याला जायचं ठरवलं. मी विमानतळावर त्याची वाट पाहत होते, तेव्हा फोन आला, “ताई, तू हो पुढे. शनिवारी कार्यक्रम आहे, माझ्याऐवजी कुणी मिळत नाहीये. मी रविवारी निघतो.” आईने मला पाहिल्यावर पहिला प्रश्न विचारला, “सुध्या कुठाय?” मी म्हटलं, “मागच्या विमानाने येतोय.” आईशी मी आयुष्यात बोललेलं हे एकच खोटं. ती दाराकडे तोंड करून पडून राहिली... शनिवारी दुपारी गेली. हे महाशय सोमवारी पोचले. माझ्या शेजारी बसले आणि हळूच म्हणाले, “त्या दिवशी मी फार चांगलं वाजवलं गं.”

हे वाक्य मी माफ केलेलं नाही. पुढची चौदा वर्षं त्याच्या ताटात रोज गरम पोळी वाढली, पण माफ केलं नाही.

गेल्या आठवड्यात माळा आवरला. सॅक्सोफोन त्याने आधीच एका विद्यार्थिनीला देऊन टाकला होता. कपाट उघडलं. माझा शालू, दोन पैठण्या, सगळं जिथल्या तिथे, नव्यासारखं. आई गेल्यावर पुण्याहून येताना मी तिची इरकल आणली होती, ती एका टोकाला अडकवलेली असायची. आता ती मधोमध होती. मी हलवलेली नाही.

इरा, तुला वाजवायचं तर वाजव. मी कोण अडवणार? पण घरून बोलावणं आलं की विमान पकडायचं. कार्यक्रम पुन्हा होतात.

आईची इरकल अजून तिथेच आहे. छातीच्या उंचीवर, कर्ण्याच्या तोंडाएवढ्या गोलात तिचं सूत विरलं आहे.