फिल्ममध्ये घोडनदी उलटी वाहत होती

मंडळी, दुपारपासून जीव थाऱ्यावर नाही, म्हणून लिहितो. शाळा चौथीपर्यंतच झाली, चुका पोटात घाला.

माहितीपटांसाठी जुनं चित्रीकरण शोधणाऱ्या एक ताई आज पुण्याहून घरी आल्या होत्या. शिरूरच्या नदीकाठानं मेंढरं घेऊन चाललेल्या माणसाची जुनी फिल्म त्यांना सापडली आहे. हा माणूस कोण, असं त्या जुन्या मेंढपाळांच्या घरोघरी विचारत होत्या.

त्यांनी ती लावून दाखवली. त्या माणसाची चाल माझ्या वडिलांची वाटली. तोंड मुंडाशाच्या सावलीत होतं. पण काठी उजव्या हातात, आणि वडील, म्हणजे आमचे दादा, तर डावखुरे. घरात त्यांचा एकही फोटो नाही, त्यामुळे हो म्हणायचा फार मोह झाला. तरी म्हणालो, "न्हाई ताई, हे आमचे दादा न्हाईत."

त्यांनी वही मिटली. मला चैन पडेना, पुन्हा एकदा लावायला सांगितलं. आपल्या काठावर नदीकडं तोंड करून उभं राहिलं की घोडनदीचं पाणी उजवीकडं जातं. फिल्मही आपल्याच काठावरून काढलेली, तरी इथं ते डावीकडं चाललं होतं.

"चुकलं तर माफ करा, पन नदी उलटी वाहतीय."

ताई हसल्या नाहीत. "आजोबा, फिल्म उलट्या बाजूनं उतरवलीय, डाव्याचं उजवं झालंय," म्हणाल्या आणि त्यांनी चित्र फिरवलं. काठी डाव्या हातात आली.

"आबा, आता तरी चहा घ्या," सूनबाई म्हणाली, "तिसऱ्यांदा गरम केलाय."

ताईंनी त्यातलं दादांचं एक चित्र फोनवर पाठवलंय. त्यांचे उपकार जन्मभर विसरणार नाही. फोन बिघडायच्या आत ते कागदावर करून हवंय. शिरूरात चांगलं कोण करतं? फक्त कडा कापताना काठीचा हात सुटायला नको.