नदीपल्याडचा माणूस

बिहारहून मी कारेगावात आलो तो कारखान्यातल्या कामासाठी. सिनेमा पुढं कधीतरी आला. सिनेमे छोटे, पुण्यातली पोरं मित्रमंडळी जमवून काढायची. वॉचमन हवा असला, पाणीपुरीवाला हवा असला की मला फोन यायचा. एखाद-दुसरं वाक्य, तेही हिंदीत. मी मात्र प्रत्येक वॉचमनची चाल वेगळी ठेवायचो.

हे एका दिग्दर्शक बाईंच्या लक्षात आलं. त्यांनी मला थेट मोठी भूमिका दिली, मेंढरं विकून शेतीला लागलेल्या म्हाताऱ्या धनगराची.

"दादा, चेहरा तुमचाच हवा," त्या म्हणाल्या. "आवाज डबिंगला दुसऱ्याचा घेऊ."

मला ते लागलं. "आधी माझा ऐका, मग ठरवा," एवढंच बोललो.

शूटिंग दौंड तालुक्यात, राहूला होणार होतं. त्याआधी दोन महिने मी दर सुट्टीला तिथं जात राहिलो. तरुणपणी मेंढरं राखलेले एक आबा तिथं होते. त्यांच्या ओट्यावर बसायचं आणि ते बोलतील ते ऐकायचं. पहिल्याच दिवशी त्यांनी मला अडवलं.

"घाई कशाला करता? मेंढरामागं चालनारा मानूस कवा घाईनं बोलतो व्हय?"

मग मशीनवर उभा असतानाही मी त्यांची वाक्यं पुटपुटायचो. शेजारचा ऑपरेटर विचारायचा, "क्या भैया, पूजा चल रही है?"

शूटिंग सुरू झालं. सिनेमातला म्हातारा शेवटची मेंढी विकून घरी येतो आणि सुनेला सांगतो, "दिली. चांगल्या घरी दिली," हा प्रसंग एका टेकमध्ये झाला. कट म्हणायला बाईंना जरा वेळ लागला.

दुसऱ्या दिवशी पारावर काही म्हातारी माणसं बसली होती. आमचे आबा त्यांत नव्हते. बाईंनी चित्र न दाखवता त्यांना नुसता आवाज ऐकवला. मी मागं उभा होतो.

"हा माणूस कुठला वाटतो?" बाईंनी विचारलं.

"कुठला म्हंजी?" एक आप्पा म्हणाले. "हितलाच हाय की. फार तर नदीपल्याडचा आसंल."

बाई माझ्याकडं वळल्या. "दादा, डबिंग रद्द."

मी पुढं झालो. "आप्पा, तो आवाज माझा. मी बिहारचा."

आप्पांनी मला वरपासून खालपर्यंत न्याहाळलं. "आसं? मग हितनं तिकडं कवा गेला व्हता?"

सगळा पार हसला. मी आप्पांच्या शेजारी पारावर जाऊन बसलो.

सिनेमा शिरूरला एका हॉलमध्ये दाखवला. माझी मुलगी मराठी शाळेत शिकलेली, घरी माझ्या प्रत्येक वाक्यातली चूक काढणारी. अंधारात ती शेजारी बसली होती. शेवटपर्यंत तिनं एकही चूक काढली नाही. बाहेर आल्यावर तिनं माझा हात घट्ट धरला आणि ओळखीच्या प्रत्येकाला थांबवून सांगू लागली, "हे माझे पप्पा."

वॉचमनचे फोन अजून येतात. मी आनंदानं जातो. फक्त आता आधी विचारतो, हा वॉचमन कुठल्या गावचा?