बोटीवरची चौकशी

माझ्या मामांचा ज्याच्यावर संशय नव्हता असा सबंध जगात एकच प्राणी होता, आणि तो म्हणजे मेंढरू. बाकी देव, डॉक्टर, पाऊस, पोस्टमन, पुढारी आणि मी, असे आम्ही सगळे त्यांच्या लेखी जामिनावर सुटलेलो होतो. मामा म्हणजे माझ्या आईचे मावसभाऊ. म्हसवडच्या अलीकडे, माण तालुक्यातल्या खडकाळ माळावर त्यांचं घर, मागं मेंढरांचा वाडा आणि पाऊस पडलाच तर बाजरी. पाऊस पडला तरी ते हरखून जात नसत, ढगाकडे डोळे बारीक करून बघत आणि म्हणत, "कुणाच्या वाटचा हाय, कळंना." एसटीची पाटी वाचून दाखवली तरी त्यांचं समाधान व्हायचं नाही. आधी ड्रायव्हरला विचारायचं, मग कंडक्टरला, आणि शेवटी गाडीत आधीच बसलेल्या एखाद्या म्हातारीला; तिघांचं जुळलं तर पायरीवर पाय. एकदा ताप आला म्हणून डॉक्टरांनी गोळी दिली, तर मामा म्हणाले, "आदी तुमी एक घ्या बगू." डॉक्टर भला माणूस, त्यानं घेतली. मामांचा ताप उतरला, पण डॉक्टरांनी ती इतक्या पटकन का घेतली हा नवा संशय त्यांना पुढे बरीच वर्षं पुरला.

असला माणूस घरात म्हणजे घरच्यांना वैताग. पण आमच्या भावकीला आणि पाहुण्यारावळ्यांना मामांचा मोठा आधार होता. कुणाच्या मुलीला स्थळ सांगून आलं की चौकशीला मामांना धाडायचं. आमच्याकडे मुलगा शेवटी बघतात. आधी त्याचं गाव बघतात. मामा कधी शेळी घ्यायला, कधी चुकलेलं मेंढरू हुडकायला म्हणून त्या गावात उतरत. न्हाव्यापुढे दाढीला बसत आणि अर्धी दाढी होईस्तोवर त्या घराची आज्यापणज्यापर्यंतची हकीकत काढून घेत. मग सहज म्हणून त्या दारावरून जात. दारातल्या चपला कशा झिजल्यात, मालक आला की कुत्रं शेपूट हलवतं का पायांत घालतं, हे सगळं टिपून घेत. एका बागायतदाराचं स्थळ, दारात ट्रॅक्टर, माडीचं घर, सगळे भाळलेले. मामा परत आले ते मान हलवतच. "मालक जवळ गेला तर बैल दचाकला. पोरगी द्यायची न्हाई." लोक मामांवर चिडले. त्या मुलाचं दुसरीकडं जमलं, आणि वर्षाच्या आत ती मुलगी माहेरी येऊन बसली. तेव्हापासून मामांच्या शब्दापुढे पत्रिकासुद्धा कुणी काढेना.

मग मामांच्याच मुलीचं, सुनंदाचं निघालं. ती पुण्यात एका सहलीच्या कंपनीत नोकरीला होती आणि तिथंच तिनं आपलं आपण ठरवून टाकलं. मुलगा कोयनेच्या खोऱ्यातला, पाटणकडचा. आधी मालवाहू जहाजावर होता, आता तुर्कस्तानच्या किनाऱ्यावर एका शिडाच्या बोटीवर कामाला. सात-आठ पाहुणे घ्यायचे आणि आठवडाभर किनाऱ्याकिनाऱ्यानं हिंडवत जुनी पडकी शहरं दाखवायची, हा त्या बोटीचा धंदा. पगार बरा, व्यसन नाही, आणि जातही एकच निघाली. एवढं सगळं जुळतंय म्हटल्यावर मामांची झोपच उडाली. सुनंदानं रडारड केली नाही. एवढंच म्हणाली, "दादा, तुमी न्हाई म्हणालात तर मी करनार न्हाई. पण मग परत दुसरं स्थळ दाखवू नका." बापाची लेक ती, बोलली म्हणजे बोलली. मामांनी आयुष्यभर दुसऱ्यांच्या पोरींची सोयरीक मोडली किंवा जमवली होती. आता स्वतःची पोर जन्मभर बिनलग्नाची राहणार की नाही, हे त्यांच्या एका शब्दावर येऊन थांबलं होतं.

मामा रीतीप्रमाणे पाटणला गेले आणि दाढीला बसले. न्हावी म्हणाला, "ती धरणातली माणसं. भाड्यानं ऱ्हात्यात. गरीब हायती."

"पर मूळची कशी?"

"मूळ गाव पाण्याखाली गेलं की! माणसं चहूकडं पांगली. आता कुणाला इचारनार, आवं?"

मामांची चौकशी पहिल्यांदाच रिकाम्या हातानं परत आली. मी तेव्हा सांगलीत हायस्कुलात इंग्रजी शिकवत होतो. मामा एका दुपारी माझ्या दारात येऊन बसले. मी भाड्याचं घर बदललं होतं, त्याचीही त्यांनी आधी कोपऱ्यावरच्या वाण्याकडे खात्री करून घेतली होती. म्हणाले, "गड्या, त्यो बोटीवर ऱ्हातो. म्हंजी बोटच त्येचं गाव. आपून गावात जायाचं." मला वाटलं उन्हाचा परिणाम असेल. पण मामांचा धाकटा भाऊ गलाईच्या धंद्यात, म्हणजे सोनं-चांदी गाळण्याच्या कामात, परमुलखात चांगला स्थिरावलेला. पुतणीसाठी म्हणून त्यानं दोघांचा खर्च उचलला. घरी सांगितलं, काशीला जातो. बोटीवर सांगायचं ठरलं, की आम्ही तासगावचे बेदाण्याचे व्यापारी, तुर्कस्तानचा बेदाणा बघायला आलोय, जाता जाता समुद्र बघतोय. मी म्हटलं, "मामा, हे कुणाला पटेल?" मामा म्हणाले, "शेळी घ्यायला आलोय ह्ये तर पटत न्हवतं ना हितं?"

अशा रीतीनं धोतर, तांबडा फेटा, खांद्यावर घोंगडं आणि शेजारी मी, असे मामा भूमध्य समुद्राच्या काठी येऊन उभे राहिले. पहिलाच ठेच लागण्याचा प्रसंग बोटीच्या फळीवर आला. डेकचं लाकूड खराब होऊ नये म्हणून सगळ्यांची पायताणं काढून एका टोपलीत ठेवायची, आठवडाभर अनवाणी राहायचं, असा तिथला नियम. मामांनी माझ्या कानात सांगितलं, "पळायची सोय पयल्यांदा काढून घेतली बग." आणि कोल्हापुरी वहाणा घोंगड्यात गुंडाळून उशाला घेतल्या. पण खरी अडचण वेगळीच होती. सगळेच अनवाणी म्हटल्यावर मुलाच्या चपला बघायच्या कुठं? टोपलीत कुणाचं काय हे कळेना. मामा दोन दिवस त्या टोपलीभोवती घोटाळत होते. शेवटी आमच्याबरोबरच्या जर्मन आजीबाईंनी आपले बूट उचलून केबिनमध्ये नेले.

मुलगा उंच, काळासावळा, हसरा. मराठी माणसं बघून त्याला आनंद झालेला दिसला. तो पाहुण्यांना शहरांची माहिती सांगे, शीड ओढे, भाजीही चिरे. मामा त्याच्याकडे बघत, आणि बोटीकडेही. बोटीला शीडही होतं आणि इंजिनही. "दोनी कशापायी? एकावर भरवसा न्हाई म्हंजी दुसऱ्यावर बी न्हाई." संध्याकाळी नांगर टाकला की मामा डोलकाठीला टेकून बसत आणि किनाऱ्यावरचं एक झाड एका खडकाच्या रेषेत धरून एकटक बघत राहत. बोट जरा हलली की नांगर सरकला म्हणून मला ढोसत. कप्तान म्हणजे एक जाड मिशांचा म्हातारा तुर्क. त्यानं हे बघितलं, खूश झाला आणि नांगराकडे लक्ष ठेवणारा माणूस मिळाला म्हणून स्वतः बिनघोर जाऊन पत्ते खेळत बसला. मामांनी त्याचाही अर्थ लावला. "बग, ह्यो कप्तान बी बोटीकडं बगत न्हाई."

त्या किनाऱ्यावर उंच कड्यात कोरून काढलेली जुन्या राजांची थडगी आहेत. बाकीचे आ वासून बघत होते. मामा म्हणाले, "मेलेल्या माणसाला एवढं वर ठिवलं म्हंजी खालच्यांवर किती भरवसा आसंल?" एका डोंगरावर दगडी पायऱ्यांचं गोल नाट्यगृह होतं. खाली कुजबुजलेलं वरच्या पायरीला ऐकू येतं, असं मुलानं सांगितलं. मामांनी मला खाली उभं करून पुटपुटायला लावलं आणि स्वतः वर जाऊन बसले. मी पुटपुटलो, "मामा, पुरे आता." वरून आवाज आला, "तुला कटाळा आलाय व्हय रं?" मग खाली येऊन म्हणाले, "गुपित बोलायची सोय न्हाई ठिवली. शानी माणसं हुती." अख्ख्या सहलीत त्यांनी कुणाचं केलेलं कौतुक तेवढंच, तेही दोन हजार वर्षांपूर्वीच्या लोकांचं.

आणि मग एका बेटावर त्यांना शेरडं दिसली. पडक्या खांबांमधून चरणारी, आपल्याकडच्यासारखीच लबाड शेरडं, आणि त्यांच्यामागं डोक्याला रुमाल बांधलेली एक म्हातारी. मामांचा चेहरा त्या आठवड्यात पहिल्यांदा सैल पडला. त्यांनी जिभेनं टिटकारी दिली. शेरडं थबकली, म्हातारीही थबकली. दोघांपैकी एकालाही दुसऱ्याची भाषा येत नव्हती, पण एका शेळीच्या कासेवरून आणि दुसरीच्या खुरावरून त्यांचं बराच वेळ चांगलं चाललं होतं. म्हातारीनं ताक दिलं. तेवढ्यात मुलगा आला, तर ती त्याच्यावर खेकसली. त्यानं निमूटपणे तिचे पाण्याचे डबे उचलले आणि वर खोपटाकडे निघाला. एक धिप्पाड बोकड त्याच्या मागोमाग त्याचा शर्ट चघळत चालला होता आणि तो त्याला हाकलतही नव्हता. मी मामांकडे बघितलं. म्हटलं, झालं, जनावराची साक्ष निघाली. मामांनी डोळे बारीक करून बोकड न्याहाळला. मग म्हणाले, "लय चांगलं दिसतंय गड्या. शिकवून ठिवलं आसंल."

शेवटच्या आदल्या दिवशी बोट एका खाडीसारख्या शांत पाण्यात शिरली. मुलानं इंजिन बंद करायला लावलं. खाली पाण्यात एक शहर होतं. भूकंपानं किनारा खचला तेव्हा बुडालेलं, असं तो सांगत होता. काठावरून पायऱ्या उतरत थेट पाण्यात जात होत्या. भिंती, उंबरे, रांजणांची खापरं, सगळं हिरव्या पाण्यात स्वच्छ दिसत होतं. पाहुणे फोटो काढत होते. मामा कठड्यावर ओणवे झाले आणि सवयीनं विचारलं, "ह्ये कुणाचं घर रं?"

"ठाऊक न्हाई, मामा."

"आन् त्ये पलीकडचं?"

"त्ये बी न्हाई. सांगनारं कोन ऱ्हायलं न्हाई." मग तो मामांच्या शेजारी येऊन ओणवा झाला आणि हळूच म्हणाला, "आमच्या गावात मातुर मी दावू शकतो. चावडीच्या वरच्या अंगाला आमचं घर. शेजारी सुताराचं. फुडं मारुतीचं देऊळ, त्येच्या मागं चिच. मी न्हाई बगितलं, माझा जन्म मागनं झाला. बा लाँचनं न्यायचा, आन् पान्यात बोट करून सांगायचा, ह्यो आपला उंबरा."

मामा पाण्यावर आणखी ओणवे झाले. मुलगाच पुढे म्हणाला, "तुमी चौकशीला आलाय. मला पयल्याच दिवशी कळलं. पासपोर्ट मीच गोळा केलं हुतं, त्येच्यावर नाव हाय. आन् बेदाण्याचा व्यापारी टोपलीतल्या चपला हुंगत न्हाई. पर तुमी कुणाला इचारनार, मामा? इचारायला आमच्याकडं गावच न्हाई. मलाच इचारा. मी खोटं सांगनार न्हाई, पर त्येला साक्ष न्हाई."

मी मामांचं तोंड बघत होतो. जन्मभर ज्या माणसानं कुणाच्याही तोंडचा शब्द साक्षीशिवाय घेतला नाही, त्याच्यापुढं हा बिनसाक्षीचा शब्द येऊन पडला होता. मामांनी फेटा काढला, काखेत धरला. खालच्या त्या उंबऱ्यांकडे फार वेळ बघत राहिले. सुनंदाला मी ओळखत होतो, तिचा शब्द फिरणार नव्हता. शेवटी मामांनी विचारलं, "चिच गोड हुती का आंबट?"

"बा म्हनतो, लय आंबट."

"बरुबर," मामा म्हणाले. "खोटं सांगनारा गोड म्हनाला असता." आणि त्यांनी मला वहाणांचं गाठोडं आणायला सांगितलं. त्या त्यांनी आपल्या हातानं टोपलीत ठेवल्या.

मामांना जाऊन आता बरीच वर्षं झाली. माझ्या स्वतःच्या मुलीला स्थळं येतात, मुलांची माहिती छान छापून येते, फोनवर सगळेच चांगलं बोलतात, आणि मला मामांची फार आठवण येते. गावोगाव मोकळ्या मनानं संशय घेत फिरणारा माणूस आता कुठून आणायचा? पण डोळ्यांपुढं येतात ते चौकशी करणारे मामा नव्हेत. सुनंदाच्या लग्नानंतरची एक सकाळ आठवते. नवी नवरी आधी सासरच्या गावच्या देवाच्या पाया पडते, मग घरात जाते, ही आमची रीत. लोक म्हणाले, गावच नाही तर रीत कसली? मामा ऐकेनात. धरणाच्या पाण्यात लाँच काढायला लावली. नवरा-नवरी, व्याही, मी, आणि पाण्यावर अजूनही भरवसा नसलेले मामा. मध्यावर आल्यावर व्याह्यांनी बोट दाखवलं. मामांनी तरीही लाँचवाल्याला विचारलं, "नक्की हितंच का?" मग मला विचारलं, मला तर काहीच माहीत नव्हतं. सुनंदानं हळदकुंकू आणि नारळ पाण्यात सोडला. मामा उभे राहिले, दोन्ही हात तोंडाशी धरले आणि माळावरून मेंढरांना घालावी तशी मोठ्यानं हाक घातली, "आवं गावकरी मंडळी! पोरगी दिलीया तुमच्या गावात! ध्यान ठिवा!"

हाक डोंगरावरून फिरून परत आली. व्याही तोंड फिरवून रडत होते. लाँचवाल्यानं इंजिन सुरू केलं आणि वेगानं वळवायला घेतली, तसे मामा त्याच्या खांद्यावर हात ठेवून म्हणाले, "हळू घे, गड्या. खाली गाव हाय."