मुक्या घोड्याच्या टापा

काल, १६ नोव्हेंबर, रविवार. मी चादरीला इस्त्री करत होते. चादर पलंगाची नव्हे, पडद्याची. मूकपट पाहताना माझ्या मामेसासऱ्यांइतका आवाज करणारा माणूस अख्ख्या येना शहरात दुसरा नसेल. सारी नोकरी भिंगं तपासण्यात गेली. निवृत्तीनंतर आमच्याकडे आले ते जुना प्रोजेक्टर आणि काउबॉयच्या विनोदी मूकपटांची खोकंभर रिळं घेऊन. दर रविवारी दुपारी खेळ. जाडा शेरीफ घोड्यावर उलटा बसतो, दरोडेखोराची पँट निवडुंगात अडकते, आणि मामा जेवणाच्या टेबलावर करवंट्या आपटून टापा वाजवतात. शेरीफ पडला की स्वतः धप्पकन उडी मारतात. गोळ्या झाडायचं काम मामींचं होतं. चिवड्याच्या डब्याचं झाकण ताटलीवर आपटून त्या झकास बार काढायच्या. त्या गेल्यापासून आमच्याकडे पिस्तुलंच तेवढी मुकी. ते झाकण मला फक्त चिवड्यापुरतं मिळतं.

जर्मनीत रविवार म्हणजे शांतता. ड्रिल नाही, व्हॅक्यूम नाही, काचेच्या बाटल्यासुद्धा टाकायच्या नाहीत. मागच्या रविवारी खालच्या मजल्यावरच्या वृद्ध बाई तणतणत वर आल्या.

"आज रविवार आहे!"

"पण चित्रपट मुका आहे," मामा म्हणाले.

"चित्रपट मुका आहे. तुम्ही नाही. पुन्हा एक टाप ऐकू आली, तर घरमालकांना सांगून खेळ कायमचा बंद करीन."

"अहो मामा, करवंट्यांना मोजे घाला," मी सुचवलं.

"सूनबाई, मोजे घातलेला घोडा मांजर वाटतो."

म्हणून या रविवारी मामा हात मांड्यांखाली दाबून बसले. शेरीफ पडला. कुणी हसलं नाही. तेवढ्यात बेल वाजली. दारात खालच्या बाई.

"आज घोडा नाही? कुणी आजारी आहे का?"

मी त्यांना आत घेतलं. पडद्यावरचं मरतुकडं तट्टू पाहून त्यांचा चेहरा उतरला.

"हाच? खालून केवढा मोठा वाटायचा!" मग खुर्ची ओढून म्हणाल्या, "आल्झो, तर मग टेबलाखाली गालिचा घाला, मग वाजवा. आणि हे पिस्तूल का वाजत नाही?"

रीळ फिरत राहिलं. मामा उठून स्वयंपाकघरात गेले, झाकण आणलं, सदऱ्याला पुसलं आणि बाईंच्या हातात दिलं.

"धूर दिसला की लगेच."

बाईंचे सगळे बार उशिरा. दरोडेखोर मरून, उठून, टोपी झटकून निघाला की मग ठो! एरवी करवंटी क्षणभर चुकली तरी रीळ थांबवणारे मामा, पण काल त्यांनी एकदाही टोकलं नाही.

आज सकाळी मी टेबलाखाली गालिचा अंथरला आणि चिवडा बरणीत काढला. झाकण सरावासाठी खाली गेलंय. जमिनीतून बार ऐकू येत होते. सोमवार आहे, चालतं.