गस्तीवर गेलेली आमची बोट

युद्धाच्या बातम्या सुरू झाल्या तेव्हा आमच्या घरात मुख्य काळजी मुलीच्या नोकरीची होती. उजनी धरणाच्या पलीकडच्या काठावर एका दवाखान्याच्या लॅबमध्ये तिला काम मिळालं होतं. सोमवारी सकाळी आठला हजर व्हायचं, आणि मग रोज. आम्ही अलीकडे, करमाळ्याच्या बाजूला. बोटीनं अर्धा तास, एसटीनं वळसा घालून गेलं तर दुपार. बोट आमचीच, चालवणारे माझे दीर, त्यामुळे प्रवासाचा मुद्दा मी कधीच निकाली काढला होता.

शुक्रवारी फौजदार आले. धरणाचा पहारा वाढला होता आणि पाण्यातून गस्त घालायला आमची बोट हवी होती. मासेमारीच्या होड्या बंद, प्रवासी वाहतूक बंद. बोट चालवायला दीर मात्र तिच्यावरच राहणार होते.

दोन दिवसांत बोट ओळखू येईना. पक्षी बघायला येणाऱ्या पाहुण्यांसाठी शिवलेलं झालरीचं छत मी स्वतः उतरवून घडी घातलं. बाकडी निघाली. पिवळा रंग जाऊन करडा आला, पुढे सर्चलाइट बसला. रिकामी बोट नाक वर करून धावायला लागली, म्हणून पुढच्या भागात वाळूची पोती टाकली.

"आपली वाटतच न्हाय, वैनी," दीर म्हणाले. "सासरी गेल्यावानी वागती."

रविवारी संध्याकाळी मी फौजदारांना काठावर गाठलं.

"साहेब, बोट सकाळी पलीकडे जातेच. एक मुलगी बसली तर?"

"गस्तीच्या बोटीत प्रवासी चालत नाही, ताई."

"नोकरीचा पहिला दिवस आहे. पोचली नाही तर ते दुसरीला घेतील."

"काल सरपंचांना नाही म्हटलंय. आता तुम्हाला हो म्हणू?"

इंजिन पुसता पुसता दीरांनी विचारलं, "साहेब, काठावर कुणी संशयित गावला तर काय करायचं?"

"बोटीत घालून चौकीवर न्यायचं."

"आन् चौकी कुटं हाय?"

"पलीकडे."

फौजदार जायला निघाले. मग म्हणाले, "संशयिताकडे आधारकार्ड असू द्या."

सोमवारी माझी मुलगी इस्त्रीचे कपडे घालून, डबा घेऊन काठावर उभी राहिली. शिपायानं शिट्टी वाजवली, नाव-गाव विचारलं, कार्ड पाहिलं आणि तिला लाइफ जॅकेट चढवलं. कपडे मळू नयेत म्हणून ती पोत्यावर पेपर पसरून बसली.

"पळून जाऊ नगंस," दीर म्हणाले.

"पोहता येत नाही, काका."

आठच्या आत तिचा मेसेज आला. पोचले, चौकशी करून सोडून दिलं.

मंगळवारी तिला सोडायला गेले तर काठावर भाजीच्या पाट्या घेतलेल्या तीन बायका, दुधाचे कॅन आणि खुद्द सरपंच.

"साहेब, आमालाबी पकडा की," त्यांतली सगळ्यात वयस्कर बाई म्हणाली.

फौजदारांनी सगळ्यांवरून नजर फिरवली आणि ते फोन काढून वरिष्ठांशी बोलायला बाजूला गेले. परत आले तेव्हा कपाळावरच्या आठ्या तशाच होत्या. गस्त सुरू असेपर्यंत सकाळी एक फेरी, संध्याकाळी एक. ओळखपत्र दाखवून, जॅकेट घालून, आणि नोकरीवाले आधी.

"मी नोकरीवाली," मुलगी म्हणाली आणि पाट्यांमधून वाट काढत पुढे गेली.